समेटाचा चहा

आमच्या लायब्ररीच्या चौकशीच्या टेबलावरचा फोन लोक उत्तर मिळण्यासारख्या प्रश्नांसाठी वापरतात. टॅक्सचे फॉर्म आलेत का, पुस्तकाची मुदत वाढेल का, बर्फामुळे उद्या बंद राहणार का. त्या मंगळवारी फोनवर एक तरुण बाई होती आणि तिला प्रश्नच सापडत नव्हता. "हाय, सॉरी, मला एका मराठी लेडीशी बोलायचंय. नाव नाही माहीत. बाबा फक्त 'लायब्ररीतल्या बाई' म्हणायचे." मीच ती, असं मी सांगितलं. "ओके. मी नेहा. सदानंद घाडींची मुलगी. मी ईडन प्रेरीला असते, पण आत्ता इथे पार्सिपनीतच आहे. मावशी, बाबा गेले. शनिवारी, झोपेतच." मग म्हणाली, "ते मंगळवारी तुमच्याकडे यायचे ना? आय थॉट समबडी शुड टेल यू. नाहीतर तुम्ही वाट बघत बसाल."

मी वाटच बघत होते. खिडकीजवळच्या त्यांच्या टेबलावर कुणीतरी शाळकरी पोर गणितं सोडवायला बसू पाहत होती आणि मी तिला दुसरीकडे जा म्हणून नुकतंच सांगितलं होतं. फोन ठेवल्यावर मी उठले, दुसऱ्या गावच्या लायब्ररीतून त्यांच्यासाठी मागवलेलं जाडजूड पुस्तक परत पाठवायच्या खोक्यात टाकलं, जागेवर येऊन बसले, आणि पुन्हा उठून ते पुस्तक बाहेर काढलं. ते अजून माझ्या खणात आहे. मुदत संपलेली आहे.

घाडींची माझी ओळख अशा मागवलेल्या पुस्तकांतूनच झाली. बहुतेक लोक मराठी माणूस दिसला की आधी गाव विचारतात, मग व्हिसा विचारतात. हा गृहस्थ आला आणि शांघायच्या सूतगिरण्यांवरची चार पुस्तकं मागवता येतील का, असं विचारता झाला. नाव लिहून घेताना मी मराठीत बोलले, तर दचकले. "म्हणजे आता मला घरच्यांसमोर वाचावं लागणार," म्हणाले. जवळच्या एका कम्युनिटी कॉलेजात ते इतिहास शिकवायचे. स्वतःचा अभ्यास मात्र एकच... चीनमधल्या कामगारांचा. गिरण्या, संप, कामगारांनी हातात घेतलेलं शहर, आणि ज्या सैन्यासाठी वेशी उघडल्या त्यानेच पुढच्या काही आठवड्यांत केलेली त्या कामगारांची कत्तल. मग शहरातून हुसकलेली क्रांती खेड्यांकडे कशी गेली, आणि पुष्कळ वर्षांनी कामगारांच्याच नावाने शहरात परतली तेव्हा तिने कामगारांना बिल्ले दिले, घरं दिली आणि संघटना तेवढी आपल्याच हातात कशी ठेवली. हे सगळं ते अतिशय खालच्या पट्टीत सांगायचे. लायब्ररीत सांगायचे म्हणून असेल.

लोक त्यांना विचारायचे की लालबागच्या साचेवाल्याचा मुलगा, गिरणीच्या भोंग्यावर वाढलेला, तर आपल्या गिरण्यांवर का नाही लिहीत? "स्वतःच्या घरची भांडणं बघायला एवढ्या लांब कशाला आलो असतो?" हे त्यांचं ठरलेलं उत्तर. पण त्यांच्या डोक्यात दोन शहरं कायम शेजारी शेजारी नांदत असत. मुंबईतला मोठा संप ज्या वर्षी सुरू झाला त्याच वर्षाच्या अखेरीस तिकडे घटनेतून संपाचा हक्क काढून टाकला, ही गोष्ट त्यांनी मला किमान दहादा सांगितली असेल. "बाई, इकडे हक्क होता आणि गिरणी गेली. तिकडे गिरणी होती आणि हक्क गेला. दोन्हीकडे माणसं घरीच." मग चष्मा पुसायचे. विनोद करून झाल्यावर स्वतः न हसण्याची त्यांची ती रीत होती.

त्यांच्या टेबलाला दुसरी खुर्ची मिळाली ती मिस्टर शेन यांच्यामुळे. शेन मूळचे शांघायचे, निवृत्त इंजिनिअर, घाडींपेक्षा दहाएक वर्षांनी मोठे. लायब्ररीत ते चिनी वर्तमानपत्र वाचायला यायचे. त्यांचं इंग्रजी तोकडं पण अचूक, एकही शब्द वाया न घालवणारं. घाडींच्या हातातलं पुस्तक बघून त्यांनी एका मंगळवारी विचारलं, "हे कोणी लिहिलं?" घाडींनी सांगितलं. "तो गिरणीत गेला होता?" "नाही." "मग बसू का?" आणि बसले. पुढे वर्षानुवर्षं दर मंगळवारी बसत राहिले. त्यांचं बोलणं मला टेबलावरून ऐकू यायचं. आमच्याकडे कामगार भरणारा, कामगाराकडून चिरीमिरी घेणारा तो जॉबर. शांघायच्या गिरण्यांत त्यालाच इंग्रजांचा शब्द घेऊन 'नंबर वन' म्हणत. "तुमचा जॉबर चांगला," शेन म्हणायचे, "निदान स्वतःला पहिला म्हणत नव्हता." कामगारांनी क्रांती केली की क्रांतीने कामगार वापरले, या प्रश्नावर ते इतकी वर्षं भांडले आणि दोघांनीही मधेच बाजू बदलल्या, हे माझ्याखेरीज कुणाच्या लक्षात आलं असेल असं वाटत नाही.

आता मंडळाबद्दल सांगायला हवं. आमच्या इथल्या मराठी मंडळात महाराष्ट्र दिन मे महिन्याच्या पहिल्या सोयीच्या शनिवारी होतो. कुणाला तरी आठवलं की तोच कामगार दिनही असतो, आणि मंडळाच्या यादीत कामगारांशी संबंध असलेला माणूस एकच. तेव्हापासून दर वर्षी नाट्यगीत आणि लावणी यांच्या मधे घाडींना दहा मिनिटं मिळत. "हा दिवस जन्मला अमेरिकेत, मिरवला जातो चीनमध्ये, सुट्टी मिळते महाराष्ट्रात, आणि मी बोलतो न्यू जर्सीत, वडापाव काउंटर उघडेपर्यंत." या वाक्याने सुरुवात. मग वडिलांची गोष्ट. गिरणी बंद पडली तेव्हा वडिलांची झोप गेली. आयुष्य साच्यांच्या खडखडाटात काढलेलं, कानांना कमी ऐकू यायचं पण अंगाला त्या थरथरीची सवय. घरात शांतता झाली की माणूस टक्क जागा. तेव्हा आई त्यांच्या उशाशी पायाचं शिवणयंत्र घेऊन बसायची आणि दोरा न घालता नुसतंच चालवायची. बिनदोऱ्याचं. वडील झोपेपर्यंत. एवढं सांगून घाडी थांबायचे, सभागृहात बायका डोळे टिपायच्या, आणि ढोलकीवाला हात मोकळे करायला लागायचा.

गोष्ट फार घोटीव होती. दर वर्षी तेच शब्द, तीच विश्रांतीची जागा. मी एकदा त्यांना म्हटलं, "घाडी, ते शिवणयंत्र जरा जास्तच बेतून शिवलंय." त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि म्हणाले, "इस्त्री करून नेतो हो. चुरगळलेलं कोण बघणार तिथे?" मी त्याचा अर्थ मला हवा तो घेतला.

घाडी आणि शेन यांचं भांडण झालं ते याच 'इस्त्री'वरून. क्रांतीनंतर चीनमध्ये सभा भरत, त्यात कामगार मंचावर येऊन आपल्या जुन्या दिवसांची कहाणी सांगत. त्याला ते 'कडू बोलणं' म्हणत. आधी पक्षाचा कार्यकर्ता ऐकायचा, कुठे थांबायचं, काय आधी सांगायचं ते बसवून द्यायचा. शेन यांच्या आईने अशा सभांमधून कित्येकदा सांगितलं होतं. ती लहानपणी रेशमाच्या कारखान्यात होती, जिथे उकळत्या पाण्यातून कोश काढून तंतू सोडवायचा असतो आणि ते काम छोट्या बोटांना चांगलं जमतं म्हणून मुली ठेवत. सोबत धाकटी बहीण. बहिणीचा हात पाण्यात भाजला, जखम चिघळली, ती गेली. शेननी हे घाडींना मोठ्या विश्वासाने सांगितलं होतं. आणि घाडींनी पुढे अशी छापलेली कथनं गोळा केली तेव्हा त्यांना वेगवेगळ्या कारखान्यांतल्या बायकांच्या तोंडी तीच धाकटी बहीण भेटली. तोच हात, तेच पाणी, जवळजवळ तेच वाक्य.

अभ्यासकाला असं काही सापडलं की तो सुखावतो. घाडी सुखावले. आमच्या लायब्ररीतच त्यांचं व्याख्यान ठेवलं होतं, पंधरावीस माणसं, निम्मी हीटर चांगला चालतो म्हणून आलेली. शेन पहिल्या रांगेत, कोट घालून. घाडींनी नावं न घेता सगळं मांडलं आणि शेवटी म्हणाले, "ही धाकटी बहीण कुणा एकीची नसावी. ती सगळ्यांची मिळून होती. मंचाने तिला जन्म दिला." मला वाक्य आवडलं होतं, हे मान्य करायला हवं. शेन उठले. आवाज चढवला नाही. "तिला नाव होतं," एवढंच म्हणाले, आणि खुर्ची नीट आत सरकवून निघून गेले.

त्यानंतरच्या मंगळवारी ते आले नाहीत. त्याच्या पुढच्याही नाहीत. वर्तमानपत्र वाचायला शुक्रवारी येऊ लागले. घाडी मात्र मंगळवारीच येत राहिले, फक्त आता दाराकडे तोंड करून बसत. पुस्तक उघडं, पान तेच. एक दिवस माझ्या टेबलापाशी येऊन उभे राहिले. "बाई, दहा जणी एकच वाक्य बोलल्या म्हणून मी म्हटलं पढवलंय. पण गोष्ट एकच घडली असेल तर त्या बिचाऱ्या दुसरं काय बोलणार होत्या? एकच पाणी, एकाच मापाची पोरं, एकच हात." मग अगदी खाली आवाज करून म्हणाले, "इतकी वर्षं मी त्यांना विचारत होतो. कारखाना कुठला, पाळी किती तासांची, मंचावर कोण होतं. नाव विचारलंच नव्हतं."

त्यांना नाव विचारायचं होतं. एवढीच गोष्ट, पण ती टेलिफोनवर विचारण्यासारखी नव्हती, आणि शेन समोर येत नव्हते. मग त्यांनी जुन्या शांघायचा एक रिवाज शोधून काढला. तिथे दोघांचं वाजलं की चहाच्या दुकानात बसायचे. मधे एक मध्यस्थ. दोघांनी आपापली बाजू मांडायची, आणि मिटलं की एकाच कपात लाल चहा आणि हिरवा चहा एकत्र ओतून दोघांनी प्यायचा. कारखान्यांतल्या, गोदीतल्या कितीतरी भांडणांचा निकाल असा लागायचा. "मध्यस्थ तुम्ही," घाडी म्हणाले. मी विचारलं, मध्यस्थाला काय मिळतं? "काही नाही. मध्यस्थाने चहा प्यायचा नसतो." मी म्हटलं, सरकारी नोकरीसारखंच आहे.

मी शेन यांना फोन केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. "घाडी उत्तम इतिहासकार आहे. सांगा त्याला," म्हणाले. मी म्हटलं, आणि चहा? "हिरवा चहा घरी आहे माझ्याकडे."

तरी घाडी त्या मंगळवारी दोन थर्मास घेऊन आले. आमच्याकडे झाकण असलेलं पेयच चालतं, उघडा कप चालत नाही. हा नियम मी स्वतः कडकपणे पाळत आलेय आणि त्यांच्यासाठीही कधी मोडला नव्हता. त्या दिवशी मी परत आलेली पुस्तकं लावायला आत निघून गेले. बाहेर आले तेव्हा कप भरलेला, तपकिरी-हिरव्या रंगाचा, आणि घाडी समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे बघत बसलेले. बंद व्हायच्या वेळेला त्यांनी अर्धा प्यायला, तोंड वाकडं केलं. "आता कळलं शांघायचे लोक भांडणं लवकर का मिटवायचे. दुसऱ्यांदा हा प्यायला लागू नये म्हणून." उरलेला अर्धा त्यांनी स्वतःच सिंकमध्ये ओतला आणि कप धुऊन ठेवला. पुढच्या मंगळवारी पुन्हा दोन थर्मास. मग तो परिपाठच झाला. बायको गेल्यापासून त्यांच्या घरात बोलायला कुणी नव्हतं, मुलगी दूर. माझंही घर काही गजबजलेलं नाही. पण मी मध्यस्थ होते, त्यामुळे त्या खुर्चीत बसणं मला शोभलं नसतं. आम्ही दोघं एकाच खोलीत, आपापल्या टेबलांवर, तिसऱ्याची वाट बघत बसायचो...

शोकसभा मंडळाने एका देवळाच्या तळमजल्यावरच्या हॉलमध्ये ठेवली. मंचावर घाडींचा मोठा फोटो, कुणाच्या तरी लग्नातल्या ग्रुप फोटोतून कापलेला, त्यामुळे त्यांच्या खांद्यावर एक अनोळखी हात होता. नेहा पुढे न बसता माझ्या शेजारी मागच्या रांगेत येऊन बसली. आणि तिच्या पलीकडे, मी फोनवर फक्त वेळ आणि पत्ता सांगून ठेवला होता म्हणून, कोट न काढता मिस्टर शेन. अध्यक्षांनी घाडींना 'आंतरराष्ट्रीय कीर्तीचे चीनतज्ज्ञ' केलं, मग 'कामगारांच्या अश्रूंचे भाष्यकार' केलं, आणि मग आवाज कातर करून शिवणयंत्राची गोष्ट सुरू केली. घाडींचीच वाक्यं, घाडींच्याच थांबण्याच्या जागा. शेननी हळूच विचारलं, काय सांगतायत? मी इंग्रजीत थोडक्यात सांगितलं, आणि वर जोडलं, "दर वर्षी सांगायचे. फार छान बसवलेली गोष्ट आहे."

नेहा माझ्याकडे वळली. "कुठलं मशीन? व्हॉट मशीन?"

मी म्हटलं, तुझ्या आजीचं. दर मे महिन्यात सांगायचे, तू ऐकलं असशीलच.

"मावशी, आम्हा मुलांना किड्स रूममध्ये ठेवायचे. आम्हाला पिझ्झा आणि मूव्ही." ती खुर्चीच्या कडेवर आली. आता ती इंग्रजीत बोलत होती, त्यामुळे शेननाही कळत होतं. आई गेल्यानंतर बाबांनी वरची बेडरूम सोडली होती. खाली, कपडे धुवायच्या खोलीला लागून जी चिंचोळी खोली आहे, तिथे पलंग टाकला होता. ती भेटायला आली की बघायची, झोपायच्या आधी ते ड्रायर लावायचे. आत कपडे नसायचे. एकही नाही. दार लावायचे, बटण जास्तीत जास्त वेळावर फिरवायचे आणि जाऊन आडवे व्हायचे. "मी भांडायचे त्यांच्याशी. इलेक्ट्रिसिटी, फायर हॅझर्ड, सगळं बोलले. मला वाटलं त्यांचं डोकं... म्हणजे, डॉक्टरला पण विचारलं मी. ते फक्त म्हणायचे, असू दे गं, जरा आवाज बरा वाटतो." तिने एकदा मंचावरच्या फोटोकडे बघितलं. "त्या दिवशी मी घर उघडलं ना, तेव्हा पण बटण फिरून शेवटाला येऊन थांबलेलं होतं. आत काहीच नव्हतं."

मंचावर अध्यक्ष दोन मिनिटं स्तब्धतेसाठी उभं राहायला सांगत होते. आम्ही उभे राहिलो. त्या शांततेत मला पहिल्यांदा ती गोष्ट ऐकू आली. इतके मे महिने मी समोर बसून तिची शिवण तपासत होते.

स्तब्धता संपल्यावर शेन बसले नाहीत. कोटाचं वरचं बटण लावत म्हणाले, "बसवलेली होती."

"हो," मी म्हटलं.

"आणि खरी."

"हो."

त्यांनी नेहाचा हात दोन्ही हातांत धरला आणि जेवणाची रांग लागायच्या आत निघून गेले. जेवण श्रीखंड-पुरीचं होतं. कोणत्याही प्रसंगाला आमचं मंडळ हात आखडता घेत नाही.

पुढच्या मंगळवारी दुपारी दार उघडलं आणि शेन आत आले. दोन्ही हातांत एकेक थर्मास. माझ्याकडे न बघता खिडकीजवळच्या टेबलाशी गेले आणि आपल्या जुन्या खुर्चीत, दाराकडे पाठ करून बसले. मी या वेळी पुस्तकं लावायला आत गेले नाही. मध्यस्थ हजर असावा लागतो. टेबलाच्या कडेला उभी राहिले. त्यांनी कप ठेवला, आधी लाल ओतला, मग हिरवा, अगदी काठापर्यंत. बरोबर अर्धा प्याले. त्यांचंही तोंड वाकडं झालं. मग कप हळूच समोरच्या रिकाम्या खुर्चीपुढे सरकवला.

"त्याने कधी विचारलं नाही," ते म्हणाले.

मी म्हटलं, विचारायचं होतं. दर मंगळवारी त्यासाठीच बसायचे.

शेननी मान हलवली. मग समोरच्या खुर्चीला, नेहमीच्या बोलण्याच्या आवाजात, त्यांनी आपल्या मावशीचं नाव सांगितलं. दोन अक्षरांचं आहे. ते मी इथे लिहीत नाही, मला सांगितलेलं नव्हतं. थर्मासची झाकणं फिरवून लावली, मला नमस्कारासारखं काहीतरी केलं आणि ते गेले. तेव्हापासून शुक्रवार सोडून पुन्हा मंगळवारी येतात. वर्तमानपत्र वाचतात. माझ्याशी फारसं बोलत नाहीत, मीही बोलत नाही.

त्या दिवशी बंद करायच्या वेळी मी एकेक दिवा घालवत खिडकीपाशी आले तेव्हा कप तसाच होता, गार झालेला, वर पातळ साय आल्यासारखा थर. सिंकमध्ये ओतून टाकायला हवा होता. पिणं मला चालण्यासारखं नव्हतं. मी कर्मचाऱ्यांच्या खोलीतून कागदी कपाचं एक झाकण शोधून आणलं, त्यावर बसवलं, आणि कप होता तिथेच, घाडींच्या खुर्चीसमोर ठेवून दार लावून घेतलं. आमच्याकडे झाकण असलेलं पेय चालतं.